पिशवीत नसलेलं औषध

मोती दवाखान्यात चालतच आला, पण टेबलावर घेईपर्यंत त्याचे मागचे पाय थरथरायला लागले. दहा वर्षांचा लॅब्राडोर, वजन ३४ किलो, कमरेच्या दोन्ही सांध्यांची झीज झालेली. "कालपासून तोंड लावत नाहीये कशाला, दोनदा उलटी झाली," काकू म्हणाल्या. ओठ उचलून पाहिलं तर हिरड्या पांढुरक्या. थर्मामीटर बाहेर काढला, त्याला डांबरासारखी काळी, चिकट शी लागलेली. जठरात रक्तस्राव झाला की पचलेलं रक्त असंच बाहेर पडतं.

काकूंनी औषधांची अख्खी पिशवी टेबलावर रिकामी केली. सांध्यांसाठी कार्प्रोफेन हे वेदनाशामक, ग्लुकोसामाइन, ओमेगा-३. कार्प्रोफेन ७५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, म्हणजे किलोमागे दिवसाला ४.४ मिलिग्रॅम, डोस अगदी बरोबर. सुरू होऊन जेमतेम आठवडा झालेला. बरोबर डोसातही हे औषध एखाद्या कुत्र्याच्या पोटाला बाधतं, पण मला तेवढ्यावर थांबवेना.

"घरातली माणसांची वेदनाशामक गोळी दिलीत का एखादी?"

"छे हो."

"आणि खाजेवर काही?"

"गोळी नाही. खाजेचं इंजेक्शन दिलंय दुसऱ्या दवाखान्यात. महिनाभर पुरतं म्हणाले. झाले असतील दोन-अडीच आठवडे."

खाजेचं महिनाभर पुरणारं इंजेक्शन म्हणजे दोन अगदी वेगळ्या गोष्टी असू शकतात. एक लोकिवेटमॅब: खाजेचा निरोप नेणाऱ्या आयएल-३१ या प्रथिनाला पकडून ठेवणारी प्रतिपिंडं. ती जठराच्या वाटेला जात नाहीत, कार्प्रोफेनसोबत चालतात. दुसरं म्हणजे हळूहळू विरघळणारं स्टेरॉइड. मी विचारलं, "पाणी जास्त पितोय का हल्ली?" काकू लगेच म्हणाल्या, "भांडं सारखं रिकामं असतं! रात्री दोनदा लघवीला उठवतो. आणि गारव्यात बसूनही धापा टाकतो." प्रतिपिंडांनी असं होत नाही. त्या दवाखान्यात फोन लावला. त्यांनी नोंद पाहून सांगितलं, मिथाइलप्रेडनिसोलोन ॲसिटेट.

जठराचं अस्तर स्वतःच्याच आम्लापासून वाचतं ते प्रोस्टाग्लँडिनमुळे. त्याच्यामुळेच श्लेष्माचा थर टिकतो, अस्तराला रक्त पोचतं, जखम भरून येते. कार्प्रोफेनसारखी औषधं ते तयार करणारं एन्झाइम अडवतात, स्टेरॉइड त्याच्याही आधीची पायरी दाबतं. दोन्ही एकत्र आली की अस्तर उघडं पडतं. व्रण होतो, कधी आरपार भोकही पडतं. पोटात घेतलेलं प्रेडनिसोलोन असेल तर ते बंद केल्यावर साधारण आठवडाभर थांबून वेदनाशामक सुरू करता येतं. या इंजेक्शनला तो हिशोब लागू नाही. त्याचा अंमल कित्येक आठवडे राहतो, आणि दिलेलं परत काढून घेता येत नाही.

रक्तातल्या तांबड्या पेशींचं प्रमाण २४ टक्के निघालं. निरोगी कुत्र्यात ते ३७च्या वर असतं. युरिया वाढलेला, क्रिएटिनिन मात्र ठीक, हेही आतल्या रक्तस्रावाशी जुळणारं. सोनोग्राफीचा प्रोब फिरवताना मला धाकधूक होती ती पोटात मोकळं पाणी दिसतंय का याची. नव्हतं. भोक पडल्याचं कुठलंच चिन्ह नव्हतं, म्हणजे औषधांवर सांभाळायला वाव होता. कार्प्रोफेन तिथेच बंद. सलाइन, आम्ल कमी करणारं ओमेप्राझोल, आणि उपाशीपोटी व्रणावर थर धरणारं सुक्रालफेट, तेही इतर औषधांपासून दोन तास अंतर ठेवून, कारण ते बाकीची औषधं शोषू देत नाही. वेदनेसाठी गॅबापेंटिन दिलं.

काकू रडवेल्या झाल्या होत्या. "मी सगळं आणलं होतं हो," त्या म्हणत राहिल्या. आणलंच होतं. दोन्ही दवाखान्यांतली औषधं आपापल्या जागी योग्य होती, पण वेदनाशामकाच्या कागदावर 'इतर औषधे: नाही' असं लिहिलेलं होतं. इंजेक्शन टोचून झालं की घरात त्याची बाटली उरत नाही, स्ट्रिप उरत नाही. म्हणून मी 'कुठलं औषध चालू आहे' एवढ्यावर थांबत नाही. गेल्या दोन महिन्यांत सुई टोचली का, कशाची, हे वेगळं विचारते.

चौथ्या दिवशी मोतीने भात चाटून पुसून खाल्ला. शी तपकिरी झाली, रक्त हळूहळू भरून आलं. खाज परतली तेव्हा आधी पिसवा नाहीत याची खात्री केली, कानातल्या यीस्टचा बंदोबस्त केला आणि मग लोकिवेटमॅब दिलं. ऑक्लासिटिनिब हे खाजेचं गोळीतलं औषधही वेदनाशामकासोबत देता येतं, पण ते रोगप्रतिकारशक्तीवर परिणाम करतं आणि मोतीच्या अंगावर न तपासलेल्या दोन गाठी होत्या. सांध्यांसाठी सध्या वजन उतरवणं, थोडं-थोडं चालणं आणि गॅबापेंटिन. कार्प्रोफेनच्या गटातलं काहीही त्याला पुन्हा द्यायचं नाही असं मी फाइलच्या पहिल्या पानावर लिहिलं, आणि तसंच एक पत्र दोन्ही दवाखान्यांना पाठवलं.