पंखा एकाच्या रानात, तार दुसऱ्याच्या

जुलै म्हणजे आम्हा पवनचक्कीवाल्यांचा सीझन, मान्सूनचा वारा सुटला की वर्षातली सगळ्यात जास्त वीज याच तीन-चार महिन्यांत होते, आणि नेमका तेव्हाच आमचा 33 केव्हीचा फीडर, म्हणजे पवनचक्क्यांची वीज ग्रिडला नेणारी लाईन, ट्रिप होऊन बंद पडला. ग्रिड गेलं की कितीही वारा असला तरी पवनचक्क्या उभ्याच, आणि वाऱ्याचा वेग दुप्पट झाला तर वाऱ्यातली ताकद आठपट होते, त्यामुळं अशा दिवशी एकेक तास लय महाग पडतो. सोलापुरातनं निघालो, बार्शी साईडला पोचलो, पोल टू पोल चालत फॉल्ट शोधला. एका तुरीच्या रानात तार पोलापासून अलग ठेवणारा पिन इन्सुलेटर तडकलेला, त्यावर जळाल्याचा काळा डाग.

रानमालक काका बांधावरच आडवे. "आत पाय टाकायचा न्हाई. पंका शेजाऱ्याच्या रानात, पैसं त्येला, माझ्या रानात नुसती तार. तुमची वीज माझ्या डोक्यावरनं जातीया आन माझ्या मोटरीला लाईट रातच्याला."

पोल बरोबर रानाच्या मधोमध, ट्रॅक्टर वळवून घ्यावा लागतो म्हणून त्याच्याभोवती गोल तुकडा पडीक. काय बोलणार, खरंच होतं ते.

मी पवनऊर्जेच्याच बाजूचा, मनापासून. इथला 1320 मेगावॅटचा कोळशाचा प्रकल्प उजनीचं पाणी घेतो, आपल्यासारख्या दुष्काळी जिल्ह्यात पवनचक्कीला ना कोळसा लागतो ना पाणी, आणि सोलर बंद असतं तेव्हा रात्रीही ती फिरते. पण लोक वाद घालतात पात्यांवर, आवाजावर. तारेचं कुणी बोलत नाही. जाता-येता नान्नजचं माळढोक अभयारण्य लागतं, तिथंही मला हेच आठवतं. माळढोक जड पक्षी, त्याला समोरचं नीट दिसत नाही, ऐनवेळी वळता येत नाही, तारेला धडकून मरतो. राजस्थान-गुजरातमधल्या माळढोकांसाठी सुप्रीम कोर्टानं 2021 मध्ये लाईन जमिनीखाली घ्यायला सांगितलं होतं, 2024 मध्ये तो आदेश सैल केला. म्हणजे भांडण तिथंही तारेचंच.

काकांना म्हटलं, पैशाचा शब्द मी देऊ शकत नाही, पण पोल बांधावर घ्यायचा प्रस्ताव माझ्या सहीनं जाईल. त्यांच्यासमोरच गट नंबर लिहिला, फोटो काढले. मग त्यांनी आत सोडलं. एलसी, म्हणजे लाईन बंद ठेवून काम करायची परवानगी, घेतली, दोन्हीकडं अर्थिंग लावलं, इन्सुलेटर बदलला, अंधार पडायच्या आत लाईन परत चालू.

प्रस्ताव त्याच आठवड्यात पाठवला. एस्टिमेट झालंय, मंजुरी अजून नाही, आणि मी दर मीटिंगला विचारतोय.