पानाआडची काकडी

गर्किन लावली तेव्हा वाटलं होतं, काकडीच तर आहे, जरा बुटकी. पण बुटकेपणा हेच तिचं सगळं भांडवल, हे फळं धरायला लागल्यावर कळलं. बोटाएवढी असताना तोडली तर गर्किन. दोन दिवस राहू दिली तर जून, बियाळ, पिवळट पडू लागलेलं एक धूड. त्यामुळे हल्ली माझी सकाळ वेलापाशी उकिडवं बसून पानं वर-खाली करण्यात जाते. पानंही काकडीच्याच रंगाची, काकडीहून चौपट मोठी आणि हाताला खरखरीत. आपण नीट शोधलं असं दर वेळी वाटतं, आणि दर वेळी एक तरी राहतेच.

सुरुवातीला तर नुसती पिवळी फुलं यायची आणि गळून पडायची. मी हवालदिल. ती सगळी नर फुलं होती. वेल आधी त्यांचाच बाजार मांडतो. मादी फूल ओळखायला सोपं असतं. ते उमलायच्या आधीच त्याच्या मागे काटेरी लवेची इवलीशी काकडी तयार असते. ती पहिल्यांदा दिसली तेव्हा मी घरातल्या सगळ्यांना बोलावून दाखवली. कुणी फारसं हललं नाही.

मग सुरू होते ती संख्येची पंचाईत. दोन वेलांवर रोज पाच-सहा मिळतात. खायला जास्त, मिठाच्या पाण्यात मुरवायच्या बरणीला कमी. बरणी भरेपर्यंत साठवावं, तर पहिल्या दिवशीच्या काकड्या शेवटच्या दिवशीपर्यंत सुरकुततात, आणि सुरकुतलेली काकडी मिठात घातली म्हणून कुरकुरीत होत नाही. बर्फाच्या पाण्यात तासाभराची आंघोळ घातली की थोड्या सावरतात, एवढंच. यंदा सरळ आठ वेल लावले. आता टोपली भरते, आणि बरण्या कमी पडतात.

पहिली बरणी पार बिघडली होती. लिटरभर पाण्याला ५० ग्रॅम मीठ, शेपूचे तुरे, लसूण, मिरी, मोहरी, सगळं मोजूनमापून. आठ दिवसांनी काकडी चिमटीत धरली तर ती वाकली. मी मिठाला दोष दिला, पाण्याला दिला, शेवटी बरणीलाही दिला. चूक होती टोकाशी. देठाच्या नव्हे, त्याच्या विरुद्ध टोकाशी, जिथे सुकलेल्या फुलाचा टिकला चिकटलेला असतो. काकडी मऊ पाडणारी विकरं तिथेच दडलेली असतात. तेवढी दोन मिलिमीटरची चकती उडवली की काम भागतं. एवढ्याशा टिकलीनं अख्खी बरणी लोळवावी, याचा राग मला अजून आहे.

व्हिनेगरच्या गर्किन झटपट होतात, हे मान्य. पण माझा जीव मिठवणीवर. व्हिनेगरमध्ये आंबटपणा बाहेरून ओतलेला असतो. मिठवणीत काकडीच्या सालीवरचे जिवाणूच तो तयार करतात. तिसऱ्या दिवशी पाणी गढूळतं, बुडबुडे धरतात, झाकण उघडलं की फुस्स होतं. नवखा माणूस इथेच घाबरून बरणी ओतून देतो. घाबरायचं ते काकडी पाण्याबाहेर डोकावली तर, कारण बुरशी तिथेच धरते. म्हणून वर एक छोटी काचेची वाटी दाबून ठेवायची. हिरवागार रंग ऑलिव्हसारखा मळका होतो, कारण आम्ल हरितद्रव्यातलं मॅग्नेशियम काढून घेतं. लसूण कधीकधी निळसर पडतो. दिसायला भयंकर, पण खायला काही अपाय नाही.

रोज एक चाखून बघायची असते. ‘झाली का’ हे कळायला दुसरा उपाय नाही. दहा दिवस चाखल्यावर बरणी पूर्ण झालेली असते आणि निम्मी संपलेलीही.

उरलेलं पाणी मी टाकत नाही. सॅलडवर, सूपमध्ये चमचाभर झकास लागतं. मात्र एकदा अतिउत्साहात त्यात बटाटे उकडायला टाकले. अर्धा तास झाला, पाऊण झाला, सुरी आत शिरेना. आंबट पाण्यात बटाट्याच्या पेशींना चिकटवून ठेवणारं पेक्टिन सुटत नाही, तो टणकच राहतो. त्या दिवशी बटाटे आम्ही चावून चावून खाल्ले.

आणि ती राहून गेलेली, पानाआड फुगलेली? आधी मी तिच्यावर चिडायचे. बी धरलेलं फळ वेलावर राहिलं की वेल नवी फळं धरायला आळसावतो, म्हणून दिसताच तोडून फेकायचे. मग एकदा साल आणि बिया काढून तिचे जाड काप लोण्यात परतले, वर मीठ, मिरी, मूठभर शेपू. काकडी शिजवायची असते हेच मला ठाऊक नव्हतं. काप पारदर्शक झाले, पण दाताखाली अजून किंचित करकरीत. त्या दिवशी बरणीकडे कुणी पाहिलं नाही.

परवा सकाळी पान उचललं तर खाली एक होती. बोटाहून थोडी मोठी, तोडायला अगदी वेळेवर. इकडेतिकडे पाहिलं आणि पान पुन्हा तिच्यावर ओढून घेतलं.