विज्ञानाच्या तासाला भेटलेलं मिनामाता

मी माहितीपटांसाठी कॅमेरा चालवतो. या कामात ज्यांना गुरुस्थानी मानतो त्या जपानी माहितीपटकार नोरिआकी त्सुचिमोतो यांच्यापर्यंत मला आपल्या शाळेनं पोचवलं, म्हणून स्मरणिकेसाठी त्यांच्याविषयीच लिहितो.

नववीत विज्ञानाच्या बाईंनी जपानमधल्या मिनामाता गावचा पाऱ्याच्या विषबाधेचा आजार पुस्तकातल्या चार ओळींवर सोडला नाही. चिस्सो कंपनीच्या कारखान्यानं तिथल्या समुद्रात सोडलेलं पारायुक्त सांडपाणी, ते विष अंगात भिनलेले मासे, मासे खाऊन झिंगत मरणारी मांजरं, मग माणसं आणि पोटातली बाळं. १९५६ साली या आजाराची अधिकृत नोंद झाली, तरी पाणी सोडणं १९६८ पर्यंत चालूच राहिलं. हे सांगून बाईंनी विचारलं, "कोळ्यानं समुद्रच सोडायचा, तर जगायचं कशावर?" वर्ग गप्प होता.

त्सुचिमोतोंचा मिनामातावरचा १९७१ चा माहितीपट पाहताना तो प्रश्न पुन्हा समोर आला. त्यात एक म्हातारा कोळी उथळ पाण्यात वाकून ऑक्टोपस शोधतो, भाल्यानं टिपतो आणि त्याच्या दोन डोळ्यांच्या मधोमध कडकडून चावा घेऊन त्याला मारतो. कॅमेऱ्याला कसलीच घाई नाही. आजाराच्या चित्रपटात हे कशाला, असं कुणी म्हणेल. माझ्या मते सगळा माहितीपट त्या प्रसंगावर उभा आहे. कंपनीनं काय हिरावून घेतलं ते त्या म्हाताऱ्याच्या हातातलं कसब पाहिल्यावर कळतं. इथली माणसं आधी कोळी आहेत, रुग्ण नंतर.

हीच माणसं कंपनीचा एकेक शेअर विकत घेतात आणि १९७० साली ओसाकाला भागधारकांच्या सभेत यात्रेकरूंच्या पांढऱ्या वेषात जाऊन अध्यक्षांना जाब विचारतात. एक बाई मेलेल्या आईवडिलांच्या नावाच्या स्मृतिपट्ट्या त्यांच्यापुढे धरते. तो आक्रोश ऐकवत नाही, पण ऐकायलाच हवा.

ही जवळीक सहज आली नव्हती. १९६५ साली टीव्हीसाठी चित्रण करताना, परवानगीवाचून कॅमेरा रोखल्याबद्दल एका आईनं त्सुचिमोतोंना फैलावर घेतलं होतं. ते पार हादरले. पुन्हा तिथं चित्रणाला जायला त्यांना काही वर्षं लागली. गेले ते मात्र कायमचे जोडले गेले. १९७७ मध्ये प्रोजेक्टर घेऊन मिनामातालगतच्या शिरानुई समुद्राकाठच्या गावोगाव फिरले, कारण तिथं आजार लपवला जात होता आणि माहिती पोचत नव्हती. उतारवयात पत्नीसह वर्षभर मिनामाताला राहून, घरोघरी जाऊन मृतांचे सुमारे पाचशे फोटो गोळा केले. आमच्या क्षेत्रात काम संपलं की माणसं विसरली जातात, हे मी रोज पाहतो. म्हणून हे वर्षभराचं दारोदार फिरणं मला त्यांच्या कुठल्याही चित्रपटाइतकंच मोठं वाटतं.

महोत्सवी वर्षात नववी-दहावीच्या मुलांना हा माहितीपट दाखवावा, अशी मुख्याध्यापकांना विनंती आहे. प्रोजेक्टर मी घेऊन येईन, संवाद मराठीत समजावून सांगेन. तारीख शाळेनं कळवावी.