की सिग्नेचरमधला सा

पेटी वाजवणाऱ्याला पट्टी बदलणं म्हणजे काय हे शिकवावं लागत नाही. गाणारा ‘काळी चार’ (सप्तकातली चौथी काळी पट्टी) म्हणाला की बोट तिथे सा धरतं आणि उरलेले स्वर आपापल्या जागी सापडतात. माझा हातही असाच तयार झालेला. त्यामुळे पियानोसाठी स्टाफ नोटेशन, म्हणजे पाच रेषांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी, वाचायला घेतलं तेव्हा स्वरांची धास्ती नव्हती. घोडं अडलं ते पानाच्या डाव्या कडेला. प्रत्येक ओळीच्या सुरुवातीला, क्लेफच्या (कुठल्या रेषेवर कुठला स्वर ते ठरवणाऱ्या चिन्हाच्या) शेजारी, शार्पची नाहीतर फ्लॅटची एक रांग. कुठे एकच शार्प, कुठे चार फ्लॅट, कुठे काहीच नाही. हीच की सिग्नेचर.

शार्प म्हणजे अर्धा स्वर वर, फ्लॅट म्हणजे अर्धा स्वर खाली, इतकं कुणीही सांगतं. आपल्या संगीतातून तिकडे जाणारा त्यावरून लगेच जोड्या लावतो: शार्प तो तीव्र, फ्लॅट तो कोमल. पांढरी एक ते पांढरी सात यांना तिकडे सी, डी, ई, एफ, जी, ए, बी म्हणतात. मग डी मेजरचं, म्हणजे डीवर सा असलेल्या मेजर स्केलचं, पान समोर येतं. एफ आणि सी असे दोन शार्प. वाजवून पाहावं तर त्यात ना तीव्र मध्यम, ना आणखी काही तीव्र. सातही स्वर शुद्ध, चोख बिलावल थाट (थाट म्हणजे सात स्वरांचा साचा). कागदावर दोन शार्प आणि कानाला सगळं शुद्ध, हे कोडं काही केल्या सुटेना.

माझ्या सरांना दोन्हीकडचं संगीत येत होतं, हे माझं नशीब. त्यांनी व्याख्या बाजूला ठेवल्या आणि म्हणाले, “एकही काळी न वाजवता जीपासून जीपर्यंत जा.” मी पांढरी पाचवर सा धरला. जी, ए, बी, सी, डी, ई आणि मग एफ.

“काय वाजलं?”

“खमाज. निषाद कोमल लागला.”

“मला बिलावल पाहिजे.”

मी एफ सोडून त्याच्या उजवीकडची काळी तीन घेतली. निषाद शुद्ध झाला.

“ही जी मेजर. आता सिग्नेचरमध्ये एकच शार्प का आणि तो एफवरच का, हे तुम्ही मला सांगा.”

सांगण्यासारखं काही उरलंच नव्हतं. पांढऱ्या पट्ट्यांची रांग ही मुळात सीवरून सुरू होणारा बिलावल. मेजर स्केलची अंतरंही तीच: पूर्ण, पूर्ण, अर्धा, पूर्ण, पूर्ण, पूर्ण, अर्धा. अर्ध्या अंतराच्या जागा ग-म आणि नि-सा. पियानोवर ज्या पांढऱ्यांच्या मध्ये काळी नसते त्या जागा म्हणजे ई-एफ आणि बी-सी. सा सीवर असेल तर या दोन्ही गोष्टी जुळतात. सा हलवला की कुठेतरी बिनसतं, आणि जिथे बिनसलं तिथली डागडुजी सिग्नेचरमध्ये लिहिलेली असते. शार्प आणि फ्लॅट हे पियानोच्या पांढऱ्या पट्टीच्या हिशेबाने. तीव्र आणि कोमल हे आपल्या सा-च्या हिशेबाने. दोन्ही हिशेब वेगळे ठेवले की कोड्यात काही उरत नाही.

मग घरी तोच खेळ मी प्रत्येक पांढरीवरून करून पाहिला. एफवरून काळीला हात न लावता वाजवलं तर मध्यम तीव्र येतो, कल्याण थाट. बिलावल हवा तर बी अर्धा उतरवून बी फ्लॅट करायचा. एफ मेजरच्या सिग्नेचरमधला एकुलता एक फ्लॅट तो हाच. डीवरून काफी मिळतो, ईवरून भैरवी, एवरून आसावरी. रागांचं वर्गीकरण करणाऱ्या भातखंडेंच्या दहा थाटांपैकी सहा केवळ पांढऱ्या पट्ट्यांवर बसतात, हे पेटीवर इतका काळ बसूनही मी कधी शोधून पाहिलं नव्हतं. मूर्च्छना, म्हणजे त्याच स्वरांत सा हलवून नवा साचा काढणं, ऐकून माहीत असते. ती बोटांखाली येते तेव्हा वेगळीच मजा.

यानंतर शार्पचा क्रम. एफ, सी, जी, डी, ए, ई, बी. पुस्तकं हा क्रम पाठ करायला सांगतात आणि त्यासाठी इंग्रजीत गमतीदार वाक्यंही आहेत. मला पाठांतराचा कंटाळा, म्हणून हा क्रम येतो कुठून ते पाहिलं. सी मेजरचा पंचम जी. त्याला सा करायचं तर सीचा मध्यम, म्हणजे एफ, अर्धा चढवावा लागतो. जुन्या पट्टीचा मध्यम तीव्र झाला की तो नव्या पट्टीचा शुद्ध निषाद होतो. आता जीचा पंचम डी. जीचा मध्यम सी. तो चढवला की डीचा निषाद. सिग्नेचरमध्ये एफ तर आहेच, सीची भर पडली. प्रत्येक पायरीला तेच. फ्लॅटच्या बाजूला हीच गोष्ट उलटी: सीचा मध्यम एफ, त्याला सा करायचं तर सीचा निषाद कोमल करायचा, तो एफचा शुद्ध मध्यम. फ्लॅटचा क्रम त्यामुळे बी, ई, ए, डी, जी, सी, एफ. नेमका शार्पचा उलटा. ते लोक याचं वर्तुळ काढतात आणि त्याला सर्कल ऑफ फिफ्थ्स म्हणतात. आपल्याला षड्ज-पंचम आणि षड्ज-मध्यम भाव, म्हणजे सा-प आणि सा-म यांचं नातं, माहीत असतं, तेव्हा वर्तुळ नुसतं बघून पुढे गेलं तरी चालतं. मी ते भिंतीवर वगैरे लावलं नाही.

या क्रमातून वाचण्याची युक्ती आपसूक हाती येते. शेवटी आलेला शार्प हा नेहमी निषाद असतो, म्हणून त्याच्या अर्धा स्वर वर सा. चार शार्प असतील तर चौथा डी शार्प, म्हणून ई मेजर. शेवटचा फ्लॅट हा नेहमी मध्यम, आणि त्याच्या अलीकडचा फ्लॅट म्हणजे खुद्द सा. तीन फ्लॅट, बी, ई, ए. मधला ई फ्लॅट, म्हणून ई फ्लॅट मेजर, आपली काळी दोन. एकच फ्लॅट असेल तर अलीकडचा कुठून आणायचा? तेवढं एफ मेजर लक्षात ठेवायचं.

सर मात्र वाजवण्याबरोबर लिहायलाही लावायचे, आणि खरा कस तिथे लागला. पेटीवर एफच्या बिलावलात मध्यमाला मी काळी पाच दाबते. तिला ए शार्प म्हणा नाहीतर बी फ्लॅट, बोटाला काय फरक? कागदाला पडतो. एफ, जी, ए, ए शार्प, सी असं लिहिलं तर एची जागा दोघांना आणि बीची जागा रिकामी. मग दर वेळी तो ए साधा की शार्प हे चिन्हाने सांगत बसायचं, आणि सिग्नेचर लिहायचं कामच संपलं. म्हणून नियम असा की सातही अक्षरं एकेकदाच आली पाहिजेत. हा नियम पाळला की एफ शार्प मेजरमध्ये ई शार्प नावाचा स्वर का असतो तेही कळतं. वाजतो तो एफच, पण एफची ओळ सा-ने आधीच अडवलेली असते.

काळी चारची गंमत तर मला फारच आवडली. पेटीवर सवयीची ही पट्टी कागदावर जी शार्प मेजर म्हणून लिहायला गेलं तर जी, ए, बी, सी, डी, ई सगळे शार्प आणि निषादाला एफ डबल शार्प. सिग्नेचरमध्ये हे कुणी लिहीत नाही. तीच पट्टी ए फ्लॅट म्हणून लिहिली की चार फ्लॅटांत काम भागतं. काळी एकला दोन्ही पर्याय आहेत, सी शार्पचे सात शार्प किंवा डी फ्लॅटचे पाच फ्लॅट. बहुतेक ठिकाणी पाच फ्लॅटच दिसतात. काळी तीनला सहा शार्प किंवा सहा फ्लॅट, दोन्ही सारखेच त्रासदायक. अशा दुहेरी नावांमुळे ऐकायला मेजर स्केल बारा, पण लिहायला सिग्नेचर पंधरा.

लिहिण्याच्या काही बारीकसारीक गोष्टी वेळेवर सांगायला हव्यात, त्या फारसं कुणी सांगत नाही. सिग्नेचरमधला एफ शार्प ट्रेबल क्लेफमध्ये (उंच स्वरांच्या क्लेफमध्ये) सगळ्यात वरच्या रेषेवर लिहितात, पण तो लागू होतो प्रत्येक सप्तकातल्या एफला. ओळीच्या मध्ये एखाद्या स्वराआधी आलेला शार्प किंवा नॅचरल (स्वर पुन्हा साधा करणारं चिन्ह) मात्र त्याच सप्तकापुरता आणि त्या एका बारपुरता, म्हणजे दोन उभ्या रेघांमधल्या भागापुरता. पुढच्या बारमध्ये पुन्हा सिग्नेचरचं राज्य सुरू.

मायनरकडे वळताना मला धाकधूक होती, कारण ‘मेजर आनंदी, मायनर दुःखी’ हे वाक्य इतक्यांदा कानावर आलं होतं की त्याने कंटाळाच आला होता. त्याचा वाजवताना काडीचा उपयोग नाही. जलद लयीतलं मायनर भलतंच उत्साही असू शकतं. कामाचा फरक गंधारात आहे: सा-पासून चार अर्ध्या स्वरांवर असेल तर मेजर, तीनवर असेल तर मायनर. शुद्ध ग आणि कोमल ग. आपल्या कानाला हा फरक समजावून सांगायला लागत नाही.

सी मेजर आणि ए मायनर या दोघांना एकच सिग्नेचर, म्हणजे दोन्हीकडे कोरी जागा. मेजरचा धैवत धरून तिथे सा केला की त्याच पट्ट्यांवर मायनर मिळतो, म्हणजे आसावरी थाट. याला रिलेटिव्ह मायनर म्हणतात, आणि तो शोधायला मेजरच्या सा-पासून तीन अर्धे स्वर खाली उतरायचं. दुसरा संबंध पॅरलल मायनरचा: सा तोच ठेवून ग, ध, नि कोमल करायचे. सी मेजरचा सी मायनर झाला की सिग्नेचरमध्ये तीन फ्लॅट येतात. एका सा-वरच्या मेजर आणि मायनरमध्ये नेहमी या तिनाचाच फरक. ए मेजरला तीन शार्प, ए मायनरला शून्य. डी मेजरला दोन शार्प, म्हणून डी मायनर शून्याच्याही खाली घसरून एका फ्लॅटवर येतो. दोन पद्धतींनी काढलेलं उत्तर जुळतं की नाही ते ताडून पाहायची मला सवयच लागली.

पण आसावरीचा कोमल निषाद त्यांच्या हार्मनीला पुरत नाही. पंचमावरची कॉर्ड (एकदम वाजवलेले तीन-चार स्वर) घेऊन सा-वर परतायचं तर त्या कॉर्डमध्ये शुद्ध निषाद असला की ओढ लागते. कोमल असला तर ती ढिली पडते. म्हणून निषाद चढवतात. हा हार्मोनिक मायनर, आणि स्वर पाहिले तर आपली कीरवाणी. त्यात कोमल धैवत आणि शुद्ध निषाद यांच्यात तीन अर्ध्या स्वरांची उडी पडते. गायला ती अवघड वाटते म्हणून चढताना धैवतही शुद्ध करतात आणि उतरताना दोन्ही पुन्हा कोमल. हा मेलोडिक मायनर. चढताना पटदीपचे स्वर, उतरताना आसावरीचे. चढताना एक आणि उतरताना दुसरं, हे शिकताना पाश्चात्त्य संगीताचे विद्यार्थी कुरकुरतात असं सर सांगायचे. देसमध्ये आरोहात शुद्ध निषाद आणि अवरोहात कोमल घेणाऱ्यांना त्यात नवल ते काय?

मात्र हे चढवलेले स्वर सिग्नेचरमध्ये लिहीत नाहीत. ते जिथल्या तिथे, स्वरासमोर येतात. ही गोष्ट सुरुवातीला खटकते, पण पान ओळखायला तीच उपयोगी पडते. समजा सिग्नेचरमध्ये एक फ्लॅट आहे. म्हणजे एफ मेजर किंवा डी मायनर. आता ओळींवरून नजर फिरवायची. जागोजागी सी शार्प दिसतोय? एफ मेजरला त्याची गरज नाही, डी मायनरचा मात्र तो निषाद. मग सगळ्यात शेवटचा, डाव्या हाताचा खालचा स्वर पाहायचा. तो डी असेल तर शंका मिटली. सिग्नेचरमध्ये फ्लॅट आणि आत शार्प अशी सरमिसळ दिसली की पूर्वी मी पान उलटून टाकायचे. आता ती दिसली की डी किंवा जी मायनर असणार असा अंदाज आधीच बांधते आणि बहुधा तो बरोबर ठरतो.

बहुधा म्हणायचं कारण परवाच समोर आलेलं एक पान. सिग्नेचर कोरी, आत एकही शार्प नाही की फ्लॅट नाही. सी मेजर धरून वाजवायला घेतलं तर चाल सीवर टेकेना. ए मायनर म्हणावं तर जी शार्प कुठे नाही आणि एवरही ती थांबत नाही. दर ओळ डीवर येऊन विसावते. डीवर सा धरून पुन्हा वाजवलं आणि लक्षात आलं, हा तर काफी थाट. सरांना दाखवलं. ते म्हणाले, “याला डोरियन म्हणतात. असली पानं अधूनमधून येणारच. सिग्नेचर तुम्हाला कुठल्या पट्ट्या वापरायच्या ते सांगते, सा कानाने शोधायचा.” आणि पुढच्या वेळी डीऐवजी काळी चारवरून तेच लिहून आणायला सांगितलं. जी शार्पवरून लिहायचं की ए फ्लॅटवरून, ते काही बोलले नाहीत. ए फ्लॅटवरून सहा फ्लॅट येतात आणि जी शार्पवरून सहा शार्प. मी शार्पवाला पर्याय घेतलाय, कारण सातापैकी सहा शार्प आणि निषादाला तेवढा एफ शार्प साधा, डबल नाही.