खालची ओळ

रविवार, रात्री

आज जुन्या बाजारात अडीच तास उन्हात फिरले आणि एक लक्ष्मी घेऊन घरी आले. कमळावर उभी, शेजारी सोंडेत माळ धरलेला हत्ती. विक्रेत्याने ४५०० सांगितले, ३२०० ला दिली. घासाघीस करताना माझं लक्ष किमतीवर नव्हतंच. चित्राखालच्या पांढऱ्या पट्टीवर मुंगीएवढ्या इंग्रजी अक्षरांत छापलेली ओळ मला दिसली होती. रविवर्मा प्रेस, कार्ला-लोणावळा.

गेल्या नऊ वर्षांत माझ्याकडे अकरा ओलिओग्राफ, म्हणजे तैलचित्रांच्या जुन्या रंगीत छापील प्रती, जमले. त्यातल्या फक्त तिघांवर ही ओळ शिल्लक आहे. बाकीच्यांची किनार कापलेली. घरात चौकट आधीपासून असायची, चित्र तिच्यापेक्षा मोठं निघायचं, मग कात्री चालायची ती देवीवर नाही, अक्षरांवर. मी त्या लोकांना दोष देत नाही. त्यांनी देव विकत आणला होता, छापखाना नाही. पण ती पट्टी गेली की चित्र कुठल्या दगडावरून उतरलं हे सांगणारं कुणी उरत नाही.

आणि दगड हे अक्षरशः खरं आहे. जर्मनीहून आणलेल्या चुनखडीच्या गुळगुळीत लाद्या, त्यांच्यावर तेलकट खडूने काढलेलं चित्र. ओल्या दगडावर शाई फिरवली की ती फक्त तेलकट जागी धरते. प्रत्येक रंगाला वेगळा दगड, आणि तोच कागद दर वेळी नेमक्या जागी बसवायचा. आजच्या लक्ष्मीच्या ओठांचा लाल रंग ओठांच्या रेषेबाहेर केसभर सरकलाय. शंभर वर्षांपूर्वी लोणावळ्याजवळ मळवलीला असलेल्या या छापखान्यात कुणाचा तरी हात किंचित हलला असेल. भिंगातून ते पाहताना मला त्या माणसाच्या अगदी जवळ गेल्यासारखं वाटलं.

चित्रकार राजा रविवर्म्याला चित्रं छापायचं सुचवलं होतं सर टी. माधवरावांनी, बडोद्याचे दिवाण राहिलेले गृहस्थ. तुमच्या चित्रांना मागणी इतकी की दोन हातांनी पुरी होणार नाही, काही चित्रं युरोपात पाठवून छापून घ्या. शेवटी छापखानाच मुंबईत आला. १८९४ मध्ये गिरगावात यंत्रं सुरू झाली, शकुंतलेच्या जन्माचं चित्र आधी निघालं. पुढे घाटकोपर आणि १८९९ च्या सुमारास मळवली. नंतर तो फ्रिट्झ श्लायखर या जर्मन तंत्रज्ञाच्या हाती गेला. दादासाहेब फाळकेही सिनेमाकडे वळण्याआधी या छापखान्यात काम करून गेलेले. १९७२ मध्ये आग लागली आणि बरंच काही गेलं. लोणावळा लोकल मळवलीला थांबते, लोक कार्ल्या-भाज्याच्या लेण्यांसाठी उतरतात, मी मात्र खिडकीतून उगीचच छापखान्याच्या दिशेने बघत बसते.

भिंग मी एका फसवणुकीनंतर घेतलं. चौथ्या वर्षी मुंबईत एका दुकानातून मोहिनी आणली, ९००० रुपयांना. कागद पिवळा, कडा कुरतडलेल्या, चौकटीला वाळवीची भोकं. घरी आणून महिनाभर मिरवली. मग एका जाणकार काकांनी भिंग हातात दिलं. गालावर सगळीकडे सारख्या अंतराचे ठिपके, छोट्या छोट्या फुलांसारखे मांडलेले. आताची ऑफसेट छपाई, चहाच्या पाण्यात बुडवून म्हातारी केलेली. दगडावरच्या छपाईत ठिपके हाताने दिलेले असतात, कुठे दाट, कुठे विरळ, एकासारखा दुसरा नाही. ती मोहिनी मी अजून ठेवली आहे, नव्याने गोळा करू लागलेल्या मुलांना फरक दाखवायला.

आजच्या लक्ष्मीच्या पावलांजवळ कुंकवाचा डाग आहे. मोठा, करंगळीच्या टोकाएवढा, वरचेवर लागून घट्ट झालेला. काच कधीतरी फुटली असणार आणि नंतर कुंकू थेट कागदावरच लागत राहिलं असणार. कागद जतन करण्याचं काम करणाऱ्या ओळखीच्या बाईंना फोटो पाठवला. त्या म्हणाल्या, वरचं व्हार्निश पिवळं पडलंय, ते जपून उतरवता येईल, डागही बराच फिका होईल. मी व्हार्निशचा विचार करीन म्हटलं. डागाला हात लावायचा नाही. छापखान्याने आपली खूण खाली ठेवली, तशी त्या घरातल्या बाईने आपली खूण पावलाशी ठेवली आहे. मूळ तैलचित्रासमोर कुणी रोज सकाळी अंघोळ करून उभं राहिलं नसेल. या कागदासमोर राहिलंय.

आई संध्याकाळी येऊन पाहून गेली. डाव्या कोपऱ्यातली चीर दिसली तशी म्हणाली, "अगं, भंगलेली तसबीर घरात ठेवू नये. आपल्याकडची नव्हती का सोडली नदीत?"

सोडली होती. वाईच्या घराची कौलं बदलली त्या वर्षी. मी सात-आठ वर्षांची. आजीने देवघरातलं रामपंचायतन फडक्यात गुंडाळलं, कृष्णेच्या घाटावर नेलं, हात जोडले आणि पाण्यात सोडलं. ते पुण्याच्या चित्रशाळेचं असावं असं मला आता वाटतं. १८७८ मध्ये विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी मित्रांसोबत काढलेल्या त्या छापखान्याचं रामपंचायतन घरोघर होतं. पण किनार बघितली कुणी होती? मला आठवतो तो फक्त मारुतीचा गुडघा, पाण्यात जाताना सगळ्यात शेवटी दिसलेला. आजीचं वागणं बरोबर होतं. तरीही दरवेळी जुन्या बाजारात चौकटींचा ढीग उपसताना मी त्या गुडघ्याला शोधत असते.

आईला एवढंच म्हटलं की हिची पूजा मांडणार नाही, जपणार आहे. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग चष्मा वर करून पुन्हा त्या डागाकडे बघत बसली.

परतताना चौकटवाल्याकडे गेले होते. त्याने माप घेतलं आणि म्हणाला, "ताई, खालची पट्टी उडवली तर तयार चौकटीत बसेल, तीनशे रुपये वाचतील." मी नको म्हटलं. नवी चौकट मोठी, पट्टी पूर्ण दिसणारी, मागे आम्लरहित पुठ्ठा, काच आणि कागदाच्या मध्ये बोटाच्या पेराएवढी फट, म्हणजे पावसाळ्यात कागद काचेला चिकटणार नाही. त्याने वहीत सगळं लिहून घेतलं. ऊन येत नाही अशी एकच भिंत आहे घरात, जेवणाच्या टेबलासमोरची. खिळा उद्या ठोकते.