वादळाची गोष्ट माळ्यावरून

कॅटरिना चक्रीवादळावर इथे इतकं लिहिलं, गायलं आणि रंगवलं गेलंय की न्यू ऑर्लिन्समध्ये राहून ते टाळणं शक्यच नाही. राहायला आल्यापासून हाती लागेल ते मी वाचतेय, बघतेय, आणि दर वेळी मनात पुणं येतं. पानशेतचा पूर ज्यांच्या घरात अजून बोलला जातो, त्यांना ही पुस्तकं आणि हे चित्रपट अमेरिकेतल्या इतर शहरांपेक्षा लवकर कळतील, अशी माझी खात्री आहे. म्हणून हे तुमच्यासाठी.

आधी काय घडलं ते. २९ ऑगस्ट २००५ ला वादळ लुइझियानाच्या किनाऱ्यावर आलं, तेव्हा त्याचा जोर पाचव्या श्रेणीवरून तिसऱ्या श्रेणीवर उतरला होता. न्यू ऑर्लिन्स बुडालं ते वाऱ्याने नव्हे. पूरभिंती आणि मातीचे बांध पन्नासहून अधिक ठिकाणी फुटले आणि जवळजवळ ८० टक्के शहर पाण्याखाली गेलं. सतराव्या रस्त्याच्या कालव्याची भिंत तर पाणी तिच्या माथ्यापर्यंत चढायच्या आधीच सरकली, कारण पायाखालची माती मऊ होती. या भिंतींची जबाबदारी लष्कराच्या अभियंता विभागाकडे होती आणि रचनेत दोष होते हे त्याने २००६ मध्ये कबूल केलं.

आता १२ जुलै १९६१ आठवा. सकाळी पानशेतचं अर्धवट धरण गेलं, दुपारी खडकवासला गेलं, आणि नदीकाठच्या पेठा बुडाल्या. माझी आत्या तेव्हा नारायण पेठेत शाळकरी मुलगी होती. ‘त्या वर्षी मुठेला मोठा पूर आला’ असं कुणी म्हणालं की ती बोलणं मध्येच थांबवते. “पूर आला नव्हता, धरण फुटलं होतं.” इथली म्हातारी माणसं वादळाबद्दल याच सुरात बोलतात.

कॅटरिनावरच्या चांगल्या कलाकृतींतही हाच सूर आहे. टीव्हीच्या बातम्यांनी जगाला हे शहर हेलिकॉप्टरमधून दाखवलं: खाली पाणी, छपरांवर हात हलवणारी माणसं. लेखक आणि कलावंत तिथून खाली उतरले आणि घरात शिरले. स्पाइक ली यांचा २००६ चा माहितीपट जवळजवळ चार तासांचा आहे आणि त्याचा बराचसा भाग म्हणजे समोर बसून बोलणारी माणसं. त्याला संगीत देणारे टेरेन्स ब्लँचर्ड इथलेच. ते आईला तिचं बुडालेलं घर दाखवायला घेऊन जातात. दार उघडतं, आत सगळं उलटंपालटं झालेलं, आणि ती बाई कोसळून रडते. आपल्या आईचं रडणं कॅमेऱ्यासमोर येऊ देणं सोपं नाही. ब्लँचर्ड यांनी ते येऊ दिलं, आणि त्या चित्रपटासाठी रचलेल्या सुरावटी वाढवून २००७ मध्ये कॅटरिनासाठी एक शोकसंगीतच केलं. त्यांची ट्रम्पेट ऐकताना मला दर वेळी ते दार दिसतं.

जेस्मिन वॉर्ड यांची ‘सॅल्व्हेज द बोन्स’ ही कादंबरी तर प्रत्येकाने वाचावी. २०११ चा नॅशनल बुक अवॉर्ड तिला मिळाला. शेजारच्या मिसिसिपी राज्यातलं एक गरीब कृष्णवर्णीय कुटुंब, आई गेलेली, आणि गोष्ट सांगणारी पंधरा वर्षांची गरोदर एश. बारा दिवस, बारा प्रकरणं, आणि वादळ येतं अकराव्या दिवशी. तोवर काय? बाप खिडक्यांना फळ्या ठोकतोय, मुलं बाटल्यांत पाणी भरतायत, भावाच्या कुत्रीला पिल्लं झालीयत. वाचकाला वादळाची तारीख ठाऊक आहे, त्या घराला नाही. म्हणून ती भरलेली प्रत्येक बाटली पाहून जीव तुटतो. मग पाणी येतं, ते जमिनीवरून माळ्यापर्यंत चढतं, आणि पोरं छप्पर फोडून बाहेर पडतात. वॉर्ड स्वतः कॅटरिनात सापडल्या होत्या, आणि ते ओळीओळीत जाणवतं.

पॅट्रिशिया स्मिथ यांनी उलटी वाट धरली. २००८ च्या त्यांच्या कवितासंग्रहात वादळच बोलतं, आपली भूक सांगतं. पण मला हलवून गेली ती ‘३४’ नावाची कविता. एका वृद्धाश्रमात मागे राहून बुडालेल्या माणसांची ती आहे, आणि तिचे तुकडेही तितकेच.

पुण्याच्या नाटकवेड्यांसाठी एक गोष्ट राखून ठेवली होती. नोव्हेंबर २००७ मध्ये पॉल चॅन या कलावंताने लोअर नाइन्थ वॉर्ड या सर्वाधिक उद्ध्वस्त भागात, उघड्या चौकात ‘वेटिंग फॉर गोदो’, म्हणजे कधीच न येणाऱ्या माणसाची वाट बघत बसलेल्या दोघांचं नाटक, घडवून आणलं, तेही विनामूल्य. आजूबाजूला घरं वाहून गेलेली मोकळी जमीन. सरकारी मदतीची वाट बघून थकलेली माणसं प्रेक्षक. व्लादिमीरची भूमिका केली वेंडेल पियर्स या इथेच वाढलेल्या नटाने. तिथे नेपथ्य उभारायची गरजच नव्हती. नाटकाची ती जुनी संहिता त्या गावाची झाली, यापेक्षा मोठी रंगभूमी मला माहीत नाही.

संग्रहालयही आहे. जॅक्सन चौकातल्या प्रेसबिटेअरमध्ये फॅट्स डॉमिनो या इथल्या गायक-पियानोवादकाचा पुरात सापडलेला पियानो मांडला गेला. इकडे आलात तर आधी तो अजून बघायला मिळतो का ते विचारा, फ्रेंच क्वार्टरमधली दुकानं नंतर.

मला पानशेतचं असं काही हवंय. धरण फुटतानाचं दृश्य संगणकावर बनवून मोठ्या पडद्यावर नको. एक वाडा हवा, त्यातली बिऱ्हाडं हवीत, आदल्या रात्रीचा स्वयंपाक हवा. सहकारनगरच्या, गोखलेनगरच्या पूरग्रस्त वसाहतींत ज्यांचं बालपण गेलं, ती माणसं आता सत्तरीपलीकडे आहेत. त्यांचं सांगणं आत्ताच टिपून ठेवायला हवं, नाटककार आणि कादंबरीकार मागाहून येतील तेव्हा येतील.

मी रविवारच्या व्हिडिओ कॉलवर आत्याचं बोलणं रेकॉर्ड करायला लागलेय. पाणी जिन्याच्या कितव्या पायरीपर्यंत आलं, रात्र कुणाच्या गच्चीवर काढली, पहिलं गरम जेवण कुणी दिलं, चिखलातून काय परत मिळालं, असे प्रश्न विचारते. पुढच्या रविवारी तिने वाड्यातल्या दोन जुन्या शेजारणींनाही बोलावलंय. तुमच्या घरी कुणी सांगणारं असेल तर कळवा, प्रश्नांची यादी मी पाठवते.