ओव्हलची मालिका : सोनेरी उन्हाला सुट्टी

मुंबईच्या ओव्हल मैदानाच्या दोन्ही बाजू कॅमेऱ्यात टिपायचं काम चालूच आहे. पूर्वेची, म्हणजे हायकोर्ट आणि राजाबाई टॉवरची गॉथिक शैलीतली बाजू बऱ्यापैकी झाली. सध्या मुक्काम पश्चिमेच्या आर्ट डेको शैलीतल्या इमारतींच्या ओळीसमोर.

सकाळचं कोवळं ऊन या इमारतींवर थेट समोरून येतं. रंग सुरेख उतरतात, पण भिंत सपाट दिसते. डेकोची सगळी गंमत आडव्या छज्ज्यांत आणि गोलाई दिलेल्या बाल्कन्यांत, आणि ती दिसायला सावली लागते. दहाच्या सुमारास सूर्य वर चढला की प्रत्येक छज्ज्याखाली एक गडद पट्टा उमटतो आणि मजले सुटे सुटे दिसू लागतात. एरवी कॅमेरा पिशवीत जायची ती वेळ. गॉथिक बाजूचं नेमकं उलट. तिथल्या कमानी खोल, त्यामुळे दुपार कलल्यावर ऊन तिरपं आत शिरलं तरच त्या उजळतात. त्यातही फार उशीर नको. सूर्य टेकला की समोरच्या ओळीची सावली मैदान ओलांडून येते आणि उन्हात उरतो तो फक्त टॉवर.

उंच इमारतीच्या उभ्या रेषा सरळ ठेवणारी शिफ्ट लेन्स माझ्याकडे नाही. कॅमेरा वर न झुकवता स्पिरिट लेव्हलनं सरळ धरतो, वाइड अँगल लेन्सनं उभी फ्रेम घेतो आणि खालचं मैदान नंतर कापतो. पिक्सेल जातात, पण उभ्या रेषा उभ्याच राहतात. सॉफ्टवेअरनं ताणलेल्या भिंतीपेक्षा मला हे बरं वाटतं. अ‍ॅपर्चर एफ ८, आयएसओ १००.

खालचं सगळंच मैदान मात्र कापत नाही. १८७८ साली टॉवर पूर्ण झाला तेव्हा ही गॉथिक ओळ समुद्राकडे तोंड करून होती. पुढे बॅकबे या खाडीत समुद्र हटवून भराव पडला आणि १९३०च्या दशकापासून समोर डेको इमारती उभ्या राहिल्या. २०१८ साली युनेस्कोनं दोन्ही शैलींना मिळून जागतिक वारशाचा दर्जा दिला, पण त्या एकमेकींना दिसतात त्या मधल्या मोकळ्या जागेमुळेच. (टॉवरचा आराखडा करणारे गिल्बर्ट स्कॉट भारतात कधी आलेच नाहीत. हा देखावा त्यांनी पाहिलेला नाही!)

म्हणून क्रिकेट फ्रेममध्ये हवंच. शेजारी शेजारी चाललेल्या सामन्यांत कुठला फिल्डर कुणाचा, हे त्यांनाच ठाऊक. शटर १/५०० सेकंद ठेवलं की बॉलरची उडी गोठते. मधल्या वाटेनं चर्चगेटकडे निघालेल्या गर्दीसाठी १/१५. माणसं ओघळतात, टॉवर जागचा हलत नाही. डेको बाल्कन्यांत बसवलेल्या काचा आणि एसीचे डबे एडिटिंगमध्ये पुसत नाही. लोक तिथे राहतात, ते दिसायलाच हवं.

आता इरॉस सिनेमागृहाचा कोपरा घ्यायचाय. गोल बुरूज आणि दोन दिशांना गेलेल्या बाजू एका फ्रेममध्ये बसवायला ३५ एमएम लेन्सनं कुणी प्रयत्न केला असेल, तर कुठून उभं राहिलात ते सांगा.